थोरलीचा जामीनदार

वकीलबाईंनी मला तिसऱ्यांदा बजावलं, की विचारतील तेवढंच बोलायचं, जास्तीचं एक अक्षर नाही. मी मान डोलावली. बाकावर माझ्या शेजारी भावोजी बसले होते, म्हणजे ताईचे यजमान. ते समोरच्या भिंतीकडे बघत हळूच म्हणाले, "आणि ते जीपचं तर मुळीच नाही. शब्द दिलायस तू मला."

म्हणजे गप्प बसा म्हणणारे दोघे, आणि बोलायला उभा राहणारा मी एकटा. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी साधा शिंपी, शहाणपणाचा दावा मी कधीच केलेला नाही, पण म्हणून काही पायऱ्या चढायची हौसही नव्हती. ही वेळ आली ती भावोजींमुळे.

त्यांचा टिपर पोलीस ठाण्याच्या आवारात जप्त होऊन पडला होता. वाहतुकीचा पास नसताना वाळू वाहिली, हा गुन्हा. खटला चालेल तेव्हा चालेल, त्याचा निकाल लागेल तेव्हा लागेल, पण तोवर गाडी उन्हात सडू नये म्हणून तिचा तात्पुरता ताबा मिळावा असा अर्ज वकीलबाईंनी केला होता. कोर्ट बोलावील तेव्हा गाडी हजर करू, याची हमी घ्यायला एक जामीनदार लागतो. तो मी. गाडी हजर झाली नाही तर माझं दुकान जाणार. आणि आज अर्ज फेटाळला गेला तर गाडी जागच्या जागी गंजणार, टायर बसणार, आणि शेवटी लिलावात भंगाराच्या भावाने जाणार, हे बाईंनी आम्हा सगळ्यांना नीट समजावून सांगितलं होतं. ताई ते ऐकून उठली आणि विनाकारण भांडी घासायला लागली.

त्या टिपरला आमच्याकडे थोरली म्हणतात. नाव ताईनेच ठेवलेलं. ती लग्न होऊन त्या घरात आली तेव्हा गाडी आधीच दारात उभी होती, त्यामुळे मानाने ती थोरली आणि मी धाकटी, असं ती पहिल्या दिवसापासून म्हणत आली. भावोजी घरी आले की आधी थोरलीच्या टायरांना हात लावून बघायचे, तेल बघायचे, आणि मग धाकटीला विचारायचे की जेवायला काय आहे. ताई कुरकुर करायची, पण थोरलीची सीट उसवली तेव्हा माझ्या दुकानातून चांगल्यातलं कापड उचलून तिच्यासाठी कव्हर शिवून घेतलं ते तिनेच, आणि तेही फुकटात.

आता गाडी पकडली कशी गेली ते सांगतो. सांगायला मला बंदी होती, पण ती कोर्टापुरती.

भावोजींचा माणसाच्या शब्दावर भलता विश्वास. कागद मागायचा म्हणजे समोरच्याच्या तोंडावर त्याला खोटं पाडायचं, असं त्यांचं मत. एका ठेकेदाराने त्यांना वाळू भरून दिली आणि म्हणाला, पास मागून येतोय, तू हो पुढे. हे झाले पुढे. इतक्यात तपासणी पथक आल्याची बातमी लागली आणि नदीकाठच्या बाकीच्या गाड्या वाट फुटेल तिकडे पळाल्या. भावोजी वळण घेऊन वर येतात तर समोर त्याच पथकाची जीप, मागची चाकं निम्मी वाळूत रुतलेली. नवीन नोकरीतला एक तरुण निरीक्षक बूट काढून, पँट दुमडून, घामाघूम होऊन मागून रेटा देतोय. शेजारून निघून जायला रस्ता मोकळा होता. कोणीही शहाणा माणूस गेला असता.

भावोजी थांबले. खाली उतरले, सीटमागून टोचनचा दोर काढला, जीपला बांधला आणि थोरलीने जीप ओढून काढून दिली. निरीक्षकाने आभार मानले. बूट घातले, पँट सरळ केली. मग त्याची नजर वर वाळूकडे गेली आणि त्याने त्याच तोंडाने विचारलं, की काका, पास?

पास मागून येत होता. तो आजतागायत येतोच आहे.

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते याला. दुकानात भावोजींनी हे मला सांगितलं तेव्हा मी मशीन थांबवून नुसता बघत राहिलो. मी म्हटलं, "तुम्हाला पकडायला आलेली जीप तुम्ही ओढून दिलीत?" त्यावर ते म्हणाले, "रुतलेली गाडी होती रे. कोणाची ते बघत बसतात का? मी माझं काम केलं, त्याने त्याचं." वाईट त्यांना एकाच गोष्टीचं वाटत होतं. त्या सगळ्या गडबडीत दोर जीपलाच बांधलेला राहिला. फार चांगला दोर होता, असं ते पुन्हा पुन्हा म्हणत.

वकीलबाईंना ही हकिगत ताईकडून कळली तेव्हा त्या खुर्चीतून अर्ध्या उठल्या. ही गोष्ट अर्जात पहिल्या ओळीत घालू, म्हणाल्या. पण भावोजी सही करायला तयार होईनात. त्यांचं म्हणणं, तो पोरगा नवीन आहे, पथकाचीच गाडी रुतली आणि वाळूवाल्याने काढली हे वर कळलं तर ऑफिसात जन्मभर हसतील त्याला. शिवाय केलेली मदत बोलून दाखवली की ती मदत राहत नाही, उसनवारी होते. चूक माझी आहे, दंड होईल तो भरीन, पण हे लिहायचं नाही. बाईंनी समजावलं, ताईने अबोला धरला, काही उपयोग झाला नाही. उलट भावोजींनी माझ्याकडूनही शब्द घेतला.

गाडी गेली आणि भावोजी माझ्या दुकानात येऊन बसायला लागले. सुरुवातीला मला बरं वाटलं. आठवड्याभरात, भीक नको पण कुत्रा आवर, अशी माझी गत झाली. त्यांना मदत करायची असायची. लग्नाचा सूट शिवायला आलेल्या एका तरुणाला त्यांनी संसार कसा करावा यावर इतका आपुलकीने सल्ला दिला, की तो कापड घेऊन परत गेला, आई-वडिलांशी बोलून येतो म्हणाला. एका मास्तरांच्या पँटची लांबी मी घेत होतो, तर हे म्हणे, मास्तर, तुमचा डावा पाय जास्त झिजतो, अलाइनमेंट गेलीय, उजव्यावर भार टाका. मास्तर चार दिवस लंगडत होते.

मग हळूहळू त्यांचं बोलणं कमी झालं. ते माझ्या जुन्या बंद मशीनपुढे स्टुलावर बसून राहायचे. रस्त्यावरून एखादी जड गाडी गेली की त्यांचा डावा पाय आपोआप मशीनच्या पट्टीवर दाबला जायचा आणि डावा हात टेबलावर काहीतरी शोधायचा. एकदा त्या हाताला माझी कात्री लागली, तर त्यांनी कात्रीचा गिअर टाकला. स्वतःच्याच लक्षात आल्यावर ते हसले आणि कात्री जागेवर ठेवून दिली. मी हसलो नाही. एरवी मी या माणसाची चेष्टा करायची एक संधी सोडत नाही.

कोर्टासाठी मी त्यांना नवा शर्ट शिवला. पांढरा, बारीक रेघांचा. ताईच्या लग्नापासून त्यांचे कपडे मीच शिवतो, माप पाठ आहे, त्यामुळे टेप काढलाच नाही. थेट कापड पसरलं आणि कात्री चालवली. आज सकाळी त्यांनी तो अंगात घातला आणि मला माझी चूक दिसली. खांदे दोन्हीकडून खाली उतरले होते. कॉलरमध्ये माझी मूठ गेली असती. रोज माझ्या डोळ्यांसमोर बसणारा माणूस किती उतरला हे मला दिसलं नव्हतं, ते कापडाने दाखवलं. नवशिक्या पोरानेही करू नये अशी चूक, आणि मला तिथे उभ्याउभ्या रडू आलं. भावोजी आरशात बघून म्हणाले, "छान झालाय. हवा खेळती राहते." ताईने त्यांची कॉलर सारखी केली.

तर शिपायाने पुकारा केला आणि आम्ही आत गेलो.

न्यायाधीश एक पन्नाशीच्या बाई होत्या. टेबलावर कागदांचे ढीग, डोक्यावर कुरकुरणारा पंखा, आणि चेहऱ्यावर, सकाळपासून खोटं ऐकून दमलेल्या माणसाचा असतो तसा भाव. सरकारी वकील उठले आणि म्हणाले, की अशा गाड्या एकदा सोडल्या की दुसऱ्या दिवशी पुन्हा नदीत दिसतात, नाहीतर मालकासकट नाहीशा होतात, अर्ज फेटाळावा. मागच्या बाकावर तो निरीक्षक बसला होता. सरकारी बाजूने कागद घेऊन आला असावा. आमच्याकडे बघायचं तो टाळत होता.

मला पुढे बोलावलं. न्यायाधीशबाईंनी नाव, धंदा, दुकान विचारलं. मी विचारलं तेवढंच सांगितलं. वकीलबाई खूश दिसल्या.

"अर्जदार तुमचे कोण?"

"माझ्या बहिणीचे यजमान."

"म्हणजे बहिणीखातर जामीन राहताय."

"नाही मॅडम, दुकानाखातर. गाडी सुटली नाही तर हे माझ्याच दुकानात बसणार. असेच बसले तर दुकान तसंही जायचंय."

मागे कोणीतरी हसलं. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. न्यायाधीशबाईंनी पहिल्यांदा कागदावरून नजर उचलून माझ्याकडे नीट पाहिलं. त्या हसल्या नाहीत, पण पुढचा प्रश्न त्यांनी सावकाश विचारला. "हे बघा, दुकान पणाला लावताय तुम्ही. हा माणूस गाडी घेऊन पळून जाणार नाही, याची खात्री तुम्हाला कशावरून?"

मी भावोजींकडे पाहिलं. त्यांना कळलं माझ्या मनात काय आलं ते. त्यांनी नको म्हणून मान हलवली. मान हलली, कॉलर जागची हलली नाही. मी शिवलेली कॉलर होती ती. ते बघितलं आणि माझा शब्द माझ्या हातून सुटला.

"मॅडम, पळायचंच असतं, तर पकडायला आलेल्यांची रुतलेली जीप यांनी ओढून काढली नसती."

मग मी सगळंच सांगितलं, मोकळा रस्ता, दोर, बूट, पास मागून येतोय, सगळं. सरकारी वकील म्हणाले, हे कागदोपत्री कुठेच नाही. ते खरंच होतं. न्यायाधीशबाईंनी विचारलं, की मग आम्ही हे का मानावं. भावोजी खाली मान घालून उभे होते, आणि मला वाटलं, गाडीही गेली आणि शब्दही गेला.

तेव्हा मागे बाक करकरल्याचा आवाज आला. तो निरीक्षक उभा राहिला होता.

"खरं आहे मॅडम," तो म्हणाला. "माझीच जीप होती."

"अहवालात का नाही लिहिलं?"

कान लाल झाले होते त्याचे. "लाज वाटली," म्हणाला. "गाडी रुतल्याची नाही. ज्यांनी काढून दिली त्यांचीच जप्त करावी लागली, त्याची. कायद्याने करायलाच हवी होती, पास नव्हता. पण हे लिहायला हवं होतं."

न्यायाधीशबाईंनी चष्मा काढून पुसला. बराच वेळ पुसला. मग भावोजींना विचारलं, की तुम्ही स्वतः हे का सांगितलं नाही. भावोजी म्हणाले, "त्यात काय सांगायचं मॅडम? रुतलेली गाडी दिसल्यावर थांबायचंच असतं." आणि मग स्वतःहून म्हणाले, "पास न बघता वाळू भरली, ती चूक माझी. त्याचं जे होईल ते होऊ दे."

न्यायाधीशबाईंनी कागद तोंडासमोर धरला, पण त्यांचे डोळे वरून दिसत होते आणि ते हसत होते. हुकूम त्यांनी तिथेच सांगितला. खटला संपेपर्यंत गाडी मालकाच्या ताब्यात द्यावी. विकायची नाही, रंगरूप बदलायचं नाही, बोलावलं की हजर करायची, आणि पास हातात असल्याखेरीज वाळूचा कणही भरायचा नाही. शेवटचं वाक्य त्यांनी चष्मा घालून, भावोजींकडे बघून म्हटलं. "मागून येणारा पास चालणार नाही." यावर सरकारी वकीलसुद्धा हसले.

बाहेर आल्यावर वकीलबाईंनी माझा हात हातात घेतला आणि जास्तीचं बोलल्याबद्दल आभार मानले. भावोजी मात्र माझ्याशी एक शब्द बोलले नाहीत. सह्या झाल्या, शिक्के झाले, ठाण्यात कागद गेले, आम्ही दोघं शेजारी शेजारी चालत होतो आणि ते अगदी परक्या माणसासारखे पुढे बघत होते. मी म्हटलं, सुटली ना गाडी? तर म्हणाले, "शब्द मोडलास तू."

आवारात जप्त गाड्यांची रांग होती. काचा फुटलेल्या, चाकं गेलेल्या, सीटमधून गवत उगवलेल्या. थोरली कोपऱ्यात उभी होती. वाळू तेव्हाच उतरवून घेतली होती, अंगावर बोटभर धूळ. भावोजींनी आधी चारी बाजूंनी फिरून तिच्या टायरांना हात लावला. बॉनेट उघडून तेल बघितलं, पाणी घातलं. मग वर चढून सीटवर बसले आणि चावी फिरवली. काहीच झालं नाही. पुन्हा फिरवली. बॅटरी पार मेलेली होती. ठाण्याचे हवालदार म्हणाले, काका, संध्याकाळपर्यंत गाडी हलवा, नाहीतर उद्या नव्याने कागद करावे लागतील. भावोजी, मी, हवालदार आणि एक चहावाला, चौघांनी मिळून धक्का दिला. थोरली तसूभर हलली नाही. फाटकाबाहेर चांगला उतार होता, तिथपर्यंत नेली असती तर गिअरवर सुरू झाली असती. पण तिथपर्यंत नेणार कोण?

तेवढ्यात फाटकातून जीप आत आली.

निरीक्षक उतरला. त्याने मागचं दार उघडलं आणि दोर बाहेर काढला. नीट वेटोळं करून ठेवलेला, वाळू झटकून स्वच्छ केलेला.

"काका, तुमचा दोर राहिला होता माझ्याकडे."

भावोजींनी दोर हातात घेतला, दोन्ही हातांनी ताणून बघितला. मग परत त्याच्याच हातात दिला, आणि थोरलीच्या पुढच्या हुकाकडे बोट दाखवलं. निरीक्षकाने गाठ मारली. भावोजी खाली वाकून म्हणाले, "अशी नाही साहेब. अशी मारली तर ऐन वेळी सुटते." त्यांनी गाठ सोडून पुन्हा बांधून दाखवली, मग त्याच्याकडून एकदा बांधून घेतली, आणि ती बरोबर आल्यावरच वर चढले.

जीपने ओढायला सुरुवात केली तेव्हा तिचा जीव कंठाशी आल्यासारखा आवाज येत होता. आम्ही तिघं मागून रेटत होतो. थोरली बोटभर सरकली, मग हातभर, मग चाकं फिरायला लागली. फाटकाबाहेर उतार लागला, भावोजींचा डावा पाय आत गेला आणि बाहेर आला, या वेळी खऱ्या क्लचवर, आणि थोरली एकदा खोकली, काळ्या धुराचा एक मोठा लोट सोडला आणि सुरू झाली. हवालदारांनी टाळ्या वाजवल्या. मी पण वाजवल्या असत्या, पण माझे हात ग्रीसने भरले होते आणि तोंडात धूर गेला होता.

निरीक्षकाने दोर सोडून गुंडाळून भावोजींना दिला. भावोजींनी खिडकीतून हात काढून त्याच्या खांद्यावर ठेवला, तेवढंच. मग मान वळवून त्यांनी मला बघितलं. मी धुळीने माखून रस्त्याच्या कडेला उभा होतो, त्यांच्याकडे जावं की चालू लागावं, या विचारात.

"काय मेहुणे," ते म्हणाले, "बसताय, का चालत येताय?"

मी बसलो. रस्ताभर ते बोलत होते. थोरलीचा तिसरा गिअर कसा अडतो, न्यायाधीशबाई कशा देवमाणूस, त्या मास्तरांचा पाय आता बरा आहे का. मधेच ते विनाकारण हॉर्न वाजवत होते. मला इतका आनंद झाला होता की मी त्यांना एकदाही गप्प केलं नाही.

ताई दारात उभी होती. हॉर्न तिने कोपऱ्यावरूनच ओळखला असणार. "आली का सवत माझी," ती म्हणाली, आणि ओलं फडकं घेऊन सरळ थोरलीकडे गेली. आम्ही दोघं तिला दिसलोच नाही. आरसे पुसले, दिवे पुसले, मग दार उघडून सीटचं कव्हर पुसायला वर चढली आणि बराच वेळ खाली उतरली नाही.

जेवणं झाल्यावर मी खिशातली टाचण्यांची डबी काढली. भावोजी पुन्हा गाडीपाशी जाऊन बॉनेटमध्ये डोकं घालून बसले होते, आणि तो नवा शर्ट त्यांच्या पाठीवर वाऱ्याने शिडासारखा फुगत होता. मी ताईला म्हटलं, त्यांना शर्ट उतरवून द्यायला सांग, आत्ताच टाचून नेतो, उद्या बाजूंनी आत घेऊन आणतो.

ताईने बाहेर एकदा बघितलं. मग माझ्या हातातली डबी घेतली आणि झाकण लावून परत माझ्या खिशात टाकली.

"राहू दे तसाच," ती म्हणाली. "आता भरेल तो."